चार हात

अकरा दिवस आम्ही एकमेकांशी बोललो नव्हतो.
रिफ्कीनं शिलाई मशीन भाच्याला देऊन टाकलं,
मला न विचारता.
तीस वर्षं त्या मशीनवर काजं मी केली होती.

मग जे काय सांगायचं ते पिंजऱ्याकडे तोंड करून.
"द्युमे, सांग त्याला, मीठ संपलंय."
"द्युमे, सांग तिला, मला डोळे आहेत."
द्युमे म्हणजे बटण. शिंप्याच्या घरचा पोपट,
हिरवा, मुठीत मावेल एवढा.
आमच्या एस्किशेहिरात याच्या जातीला
मुहब्बतीचा पक्षी म्हणतात.
आमच्याकडे तो टपालखात्यात नोकरीला होता.

बुधवारी त्याचं नख पडद्याच्या जाळीत अडकलं.
उलटा लोंबत राहिला, ओरडलासुद्धा नाही.
सोडवून पाहिलं तर नखं विळ्यासारखी वळलेली,
दांडीवर पाय सपाट बसेना.
लक्ष कुठे होतं आमचं?

आणि हे काम एकट्याचं नाही.
दोन हात धरायला,
एक कापायला, एक दिवा दाखवायला.
मी मोजले. पुन्हा मोजले. चारच भरले.

रिफ्कीनं खिडकी लावली, पंख्याचं बटण काढलं,
हात धुतले, एखाद्या गिऱ्हाइकाचं माप घ्यायचं असावं तसे.
भिंतीवरची मोठी कात्री तिथेच राहू दिली;
नातीच्या बाळपणीचं नखं कापायचं यंत्र
सुयांच्या डबीतून शोधून काढलं.
बशीत थोडं मक्याचं पीठ.
मी जुन्या टॉवेलात द्युमेला गुंडाळला,
मान दोन बोटांच्या मध्ये, अलगद,
आणि तो म्हणाला, पिंजऱ्याला नाही, मला म्हणाला,
"छाती दाबू नकोस.
याचा श्वास छाती हलण्यावर असतो."

अकरा दिवसांनंतरचं पहिलं वाक्य.
मी म्हटलं, "दिवा खाली घे."

नख उजेडात धरलं की आत लाल दोरा दिसतो.
दोरा शिंप्याला दाखवावा लागत नाही.
त्याच्या बराच अलीकडे, टाक्याएवढं, टक्.
"बित्ती," तो पुटपुटला. झालं.
चड्डीचं माप देताना रडणाऱ्या पोरांना म्हणायचा, तसं.
टक्. बित्ती.
सहाव्याला द्युमेनं पाय झटकला
आणि टोकावर रक्ताचा थेंब आला,
मोहरीएवढा.

रिफ्कीचा हात तेव्हा थरथरला.
कापड चुकलं तर दुसरं आणता येतं.
मी त्याचं बोट धरून पिठात बुडवलं,
नखावर दाबून ठेवलं, साठ आकडे मोजले.
माझा अंगठा त्याच्या अंगठ्यावर, आणि खाली
एक काळीज शिवणयंत्रासारखं धावत होतं.
रक्त थांबलं.
उरलेली दोन नखं उद्यावर टाकली.

"चोचही वाढलीय," मी म्हटलं. "तीही घे."
त्यानं यंत्र डबीत ठेवलं.
"चोच आपलं काम नाही.
तिच्यातही रक्त वाहतं, चिरली तर खाणार कशानं?
आणि एवढी भराभर वाढते ती उगाच नसेल.
यकृताचं काही असलं तर? डॉक्टरला दाखवू."
घासायला समुद्रफेसाचा तुकडा
पिंजऱ्यात होताच, महिनाभर कोरा,
एकही खरवड नाही त्याच्यावर.
हेही आम्ही पाहिलं नव्हतं.

गुरुवारी ट्राममध्ये पिंजरा माझ्या मांडीवर,
वर रिफ्कीचा मफलर.
डॉक्टरीण तरुण होती, तिनं द्युमेला तोललं,
चोच भिंगातून पाहिली, काहीतरी लिहीत राहिली.
आम्ही दोघं श्वास धरून.
तेवढ्यात द्युमे मान वाकडी करून
अगदी माझ्या आवाजात बोलला,
"द्युमे, सांग त्याला."

डॉक्टरीण हसली. "काय सांगायचंय?"

रिफ्की भिंतीवरच्या मांजराच्या तक्त्याकडे बघू लागला.
मी मफलरची घडी घातली, उलगडली, पुन्हा घातली.
मशीन अजून भाच्याकडेच आहे.